घड्याळजीचे सिंहासन

‘तोतया’ हा शब्द कानी पडताच मराठी मनाला पानिपतानंतर उद्भवलेला सदाशिवरावभाऊंचा तोतया आठवतो. पुण्यात त्याची रीतसर चौकशी झाली, १७७६ साली देहान्त शासन झाले आणि प्रकरण मिटले. फ्रान्समधील एका तोतयाचे प्रकरण मात्र त्याच्या मृत्यूनंतरही दीडशे वर्षे धुमसत राहिले.

१७९३ साली राज्यक्रांतीत सोळावा लुई व राणी मारी आंत्वानेत यांचा शिरच्छेद झाला. त्यांचा मुलगा पॅरिसच्या तांपल कारागृहात एकाकी खितपत पडला आणि ८ जून १७९५ रोजी, अवघ्या दहाव्या वर्षी, निवर्तला. राजनिष्ठांच्या लेखी तोच सतरावा लुई. ‘राजपुत्र निसटला; मेला तो दुसराच मुलगा’ अशी कुजबुज उठली आणि ‘तो मीच’ म्हणणारे अनेकजण पुढे सरसावले.

त्यांतला सर्वांत चिवट नाउंडॉर्फ. प्रशियात घड्याळे दुरुस्त करून पोट भरणारा, खोट्या नाण्यांपायी तुरुंग भोगलेला हा गृहस्थ १८३३ साली पॅरिसला अवतरला. राजवाड्यातील आठवणी तो अशा खुबीने सांगे, की राजपुत्राची जुनी दाई मादाम द रांबो हिचीही खात्री पटली. राजपुत्राची बहीण मारी तेरेझ हिने मात्र त्याला भेट नाकारली. १८३६ साली त्याने तिच्यावरच दावा गुदरला. सरकारने सुनावणी होऊ देण्याऐवजी त्याला पकडून इंग्लंडला हाकलले. इथेच चूक झाली. फेटाळलेला दावा लोक विसरतात. न ऐकलेला दावा संशय बनून जिवंत राहतो.

१८४५ साली तो हॉलंडमधील डेल्फ्ट येथे वारला. थडग्यावर ‘सतरावा लुई’ हीच अक्षरे कोरली गेली. वारसांनी १८५१, १८७४ आणि १९५४ साली फ्रेंच न्यायालयांत प्रयत्न केले. हाती काहीच लागले नाही.

निकाल दिला तो विज्ञानाने. कारागृहात मेलेल्या मुलाचे हृदय शवविच्छेदन करणाऱ्या वैद्याने काढून ठेवले होते. २००० साली त्याची आनुवंशिक तपासणी झाली आणि मारी आंत्वानेतच्या मातृकुळाशी त्याचे नाते जुळले. २००४ साली ते हृदय सां-दनीच्या राजसमाधीत विसावले.

वाचकहो, घड्याळजीला राजाच्या नावाचे थडगे मिळाले. ज्या पोरक्या पोराचे ते नाव होते, त्याचा देह मात्र निनावी मातीत गेला होता. सिंहासनाच्या या भांडणात त्याच्यासाठी कुणी दावा लावला नाही.