भेटायची वेळ : चार ते साडेचार

बऱ्याच दिवसांनी लिहितेय आणि रागात लिहितेय, तेव्हा चार शब्द इकडचे तिकडे झाले तर सांभाळून घ्या.

गेल्या मंगळवारी माझी धाकटी जाऊ बाळंत झाली. तारखेच्या नऊ आठवडे आधी. मुलगा आहे, वजन १४५० ग्रॅम. दोन दिवस ऑक्सिजन लागला, आता श्वास स्वतःचा स्वतः घेतोय. त्या मानाने सगळं छान चाललंय. फक्त पोरगा चौथ्या मजल्यावर काचेच्या पेटीत आणि त्याची आई दुसऱ्या मजल्यावर छताकडे बघत पडलेली. कारण एनआयसीयूच्या दारावर पाटी आहे : भेटायची वेळ दुपारी चार ते साडेचार, एका वेळी एकच व्यक्ती, काचेतून.

भेटायची वेळ! आई काय पाहुणी आहे?

मला ही पाटी ओळखीची आहे. आमची कन्या २०१७च्या फेब्रुवारीत झाली, तारीख होती एप्रिलच्या मध्याची. १२८० ग्रॅम. हॉस्पिटल वेगळं, पाटी तीच. एकेचाळीस दिवस ती आत होती आणि मी तिला पहिल्यांदा हातात घेतलं एकोणिसाव्या दिवशी. तेही एका रात्रपाळीच्या नर्सच्या मनात आलं म्हणून. तिने गाऊनची बटणं काढायला लावली, लंगोट आणि टोपडं एवढ्याच कपड्यांतली पोरगी माझ्या छातीवर पालथी ठेवली आणि वरून शाल पांघरली. मॉनिटरवरचा तो आकडा, जो दिवसभर खालीवर नाचून आमचा जीव काढायचा, दहा मिनिटांत शांत झाला. मी नर्सला विचारलं, हे आधी का नाही केलं? ती म्हणाली, "ताई, मागावं लागतं."

मला माहीतच नव्हतं की मागायचं असतं. अठरा दिवस मी काचेला नाक लावून शहाण्यासारखी उभी राहिले. त्या अठरा दिवसांचा राग अजून गेलेला नाही, आणि त्यातला निम्मा स्वतःवरचा आहे.

ही काही माझ्या मायेची गोष्ट नाही. याला नाव आहे : कांगारू मदर केअर. १९७८ साली कोलंबियात, बोगोटाच्या एका सरकारी प्रसूतिगृहात डॉ. एद्गार रेय यांनी ते सुरू केलं. पेट्या कमी, एकेका पेटीत दोन-तीन बाळं, त्यांना एकमेकांचा जंतुसंसर्ग. मग त्यांनी आईलाच पेटी केलं. म्हणून आपल्याकडे अजून बऱ्याच जणांची समजूत आहे की ही गरिबांची सोय. मशीन नाही ना, मग आई चालवून घ्या. आमच्यासारखे पैसे भरणारे मशीनवालेच हॉस्पिटल शोधतात आणि आईला बाहेर बसवण्याचं बिलही भरतात.

आता ऐका. जागतिक आरोग्य संघटनेने घाना, भारत, मलावी, नायजेरिया आणि टांझानिया इथल्या पाच हॉस्पिटलांत एक मोठा अभ्यास केला. तो २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. भारतातलं हॉस्पिटल होतं दिल्लीचं सफदरजंग. म्हणजे सरकारी, गर्दीचं, आपल्या सगळ्यांना माहीत असतं तसं. एक किलो ते १.८ किलोच्या आतली तीन हजारांवर बाळं. निम्म्यांना जन्मल्याबरोबर, प्रकृती स्थिर व्हायची वाट न बघता, आईच्या छातीवर ठेवलं आणि दिवसाचे साधारण सतरा तास तिथेच राहू दिलं. त्यासाठी आयांच्या खाटा एनआयसीयूच्या आत लावल्या. बाकीच्यांना नेहमीसारखं, आधी पेटी आणि मग आई. नेहमीच्या पद्धतीत पहिल्या २८ दिवसांत शंभरातली जवळपास सोळा बाळं गेली, आईजवळच्यांतली बारा. फरक इतका स्पष्ट होता की अभ्यास मध्येच थांबवला, कारण उरलेल्या बाळांना आईपासून लांब ठेवणं योग्य नव्हतं. २०२२ मध्ये संघटनेने शिफारसच बदलली : जन्मल्यापासून लगेच, आणि दिवसाचे आठ ते चोवीस तास, जितकं जमेल तितकं.

ही वर्षं पुन्हा वाचा. आज चार ते साडेचारची पाटी लावणारं हॉस्पिटल जुन्या काळातलं नाही, ते फक्त सोयीचं बघतंय.

यावर ठरलेलं उत्तर येतं : "इन्फेक्शन होईल हो." त्याच अभ्यासात आईजवळच्या बाळांमध्ये जंतुसंसर्गाचा संशयही कमी वेळा आला. हात कोपरापर्यंत धुतलेली, स्वच्छ गाऊन घातलेली आई ही त्या खोलीतली सगळ्यात धोकादायक वस्तू नाही.

मशीनच्या विरोधात मी बोलत नाहीये, हे आपलं सांगून ठेवते. माझी लेक मशीनमुळे जगली. पण हे बघा, शेवटचे दोन-अडीच महिने बाळाने कुठे असायचं असतं? अंधारात, गुंडाळलेलं, आईच्या आवाजाच्या आत. मेंदूला वळ्या पडण्याचा, त्यातली जोडणी होण्याचा तोच काळ. त्या काळात आपण त्याला ट्यूबलाइटखाली उताणं ठेवतो, दर थोड्या वेळाने टाचेत सुई, कानाशी अलार्मची टुणटुण. मग घरी आणल्यावर "ब्रेन डेव्हलपमेंट"ची काळी-पांढरी कार्डं विकत घेतो. (आमच्याकडे तीन संच आले होते. तिन्ही पडून आहेत.) एवढ्याशा बाळाला जास्त काही दाखवायचं नसतंच. बोटं फाकवली, जांभया दिल्या, उचक्या लागल्या, मान फिरवली की तो सांगतोय, पुरे. तेव्हा एक तळवा डोक्यावर, एक पावलांवर, नुसता स्थिर धरायचा. चोळायचं नाही, थोपटायचंही नाही. हे मला फिजिओथेरपिस्टने फार उशिरा शिकवलं.

आता घरच्यांकडे वळते, कारण ही पाटी एकट्या हॉस्पिटलने लावलेली नाही.

कल्याणच्या आत्या, तुम्ही हे वाचणार आहात, म्हणून मुद्दाम. परवा फोनवर तुम्ही जावेला म्हणालात, "सातव्यातलं जगतं गं, आठव्यातल्याचं जरा कठीणच असतं." अजिबात खरं नाही. पोटात काढलेला प्रत्येक आठवडा बाळाच्या भल्याचाच असतो. तुम्ही मायेनेच बोललात, पण ती पोरगी तेव्हापासून जेवत नाहीये.

आणि माझ्या बाबतीतलं कुणी विसरलं नसेल. मी घरी दिवसदिवस लेकीला छातीशी बांधून बसायचे तेव्हा "सवय लागेल, मग खाली ठेवू द्यायची नाही" हे कितीजणांनी ऐकवलं! नवरा शर्ट काढून तिला घेऊन बसला तर बैठकीतून खसखस पिकली. बोगोटात ज्यांना असं वाढवलं त्या मुलांना वीस वर्षांनी पुन्हा तपासलं, तेव्हा ती शाळा कमी बुडवणारी, कमी आक्रमक निघाली, आणि त्यांचे बाप घरात जास्त लक्ष घालणारे. हसा आता.

वाढदिवसाचं तर बोलायलाच नको. पहिल्या वाढदिवसाला "अजून उभी राहत नाही?" हा प्रश्न मी अकरा वेळा ऐकला, मोजले होते. अहो, तारखेपासून मोजलं तर ती साडेनऊ महिन्यांची होती! अशा मुलांचं वय दोन वर्षांपर्यंत तारखेपासूनच मोजायचं असतं. ते मोजूनही काही मागे वाटलं तर थांबायचं नाही, दाखवायचं, हेही खरं. आणि डोळ्यांच्या पडद्याची तपासणी तर महिन्याच्या आतच व्हायला हवी. ती चुकली तर दृष्टी जाऊ शकते. या पुतण्याचीही तारीख मी कॅलेंडरवर लाल पेनाने लिहून ठेवली आहे.

असो. काल दिराने हॉस्पिटलात विचारलं तर "आमचा प्रोटोकॉल नाही" म्हणाले. आज मोठ्या डॉक्टरांची वेळ मिळाली आहे, उद्या सकाळी साडेनऊची. २०२२च्या शिफारशीची पानं मी प्रिंट काढून घेतली आहेत. जाऊ चालत येणार म्हणते, टाके ओले असताना, तेव्हा व्हीलचेअर सांगून ठेवली आहे. आणि दिराला बजावलंय, पुढून बटणांचा शर्ट घालून ये.