चुलीपुढच्या गप्पा : येसर शिकायला करमाडला



उद्या कोणी अनोळखी बाई तुमच्या दारात येऊन म्हणाली, “मला तुमच्या हाताखाली स्वयंपाक शिकायचा आहे, त्याचे पैसे देईन,” तर तुम्ही काय कराल? आधी हसाल. मग म्हणाल, आमच्या भाकरी-कोरड्यासात शिकण्यासारखे काय आहे? करमाडच्या मावशीही अशाच हसल्या होत्या. मागच्या हिवाळ्यात त्यांच्या दारात जाऊन असे विचारणारी मीच होते, म्हणून ती हकीकत जरा सविस्तर सांगते.

करमाड हे गाव जालना रस्त्यावर, छत्रपती संभाजीनगरहून (पूर्वीचे औरंगाबाद) वीसेक किलोमीटरवर. मनमाडहून काचीगुड्याकडे जाणाऱ्या लोहमार्गावरचे लहान स्टेशन. शेंद्र्याची कारखानदारी आता इकडे सरकत आली आहे, तरी गल्लीत शिरलात की अजून दाराशी बैल आणि पत्र्यावर वाळत टाकलेली तूर दिसते. मी निघाले होते वेरूळची लेणी पाहायला. माझ्या एका मैत्रिणीचे माहेर करमाडचे. ती म्हणाली, लेणी एका दिवसात होतील, दुसरा दिवस माझ्या आईकडे काढ. परगावी गेले की तिथला एखादा पदार्थ तिथल्याच घरात बसून शिकायचा, ही माझी जुनी खोड तिला ठाऊक होती.

ही खोड आता पुष्कळांना लागली आहे बरं का! उदेपूरला घराघरांतून बायका परदेशी पाहुण्यांना पोळ्या लाटायला शिकवतात. थायलंडात चियांग माई नावाचे शहर आहे, तिथे तर पाहुण्यांना आधी बाजारात नेऊन भाजीपाला ओळखायला लावतात आणि मग चुलीपुढे बसवतात. आपल्याकडे बारामतीजवळ पळशीवाडीला २००५ पासून पांडुरंग तावरे यांनी शेतावर पाहुणे आणण्याचा प्रयोग केला, आणि २०२० साली राज्य सरकारने कृषी पर्यटनाचे धोरणच जाहीर केले. वेरूळ-अजिंठा पाहायला जगभरातून माणसे येतात. ती शहरात राहतात, नान-खलिया खातात आणि परत जातात. ज्वारीची भाकरी तव्यावरून उतरताना त्यांच्यातल्या किती जणांनी पाहिली असेल?

असो. मावशी सत्तरी ओलांडलेल्या, पण पाठ अजून ताठ. त्यांच्या सूनबाई गॅसवर स्वयंपाक करतात. मावशींची चूल मागच्या अंगणात, भाकरीपुरती. मी म्हटले, “मावशी, मला येसराची आमटी शिकवा आणि ज्वारीची भाकरी.”

“अवो बाई, येसर काय शिकायचं असतंय व्हय? पनीर करते ना सूनबाई, ते शिका की!”

मी पनीर नको म्हटले, तेव्हा सूनबाईंचे तोंड जरा उतरले. त्यांचे चुकले असे नाही. पाहुणा आला की आपण घरातले रोजचे झाकतो आणि दुकानातले पुढे करतो, हे आपल्या सगळ्यांचेच आहे.

ज्यांना येसर माहीत नाही अशा कोकण-देशावरच्या भगिनींसाठी सांगते. धान्ये आणि डाळी भाजून मसाल्याबरोबर दळलेले हे पीठ. मराठवाड्यात लग्नघरी येसर-मेतकुटाची तयारी आधीपासून होते. उन्हाळ्यात मळ्यात हिरवे पान नसले, अवेळी चार माणसे आली, की फोडणीच्या पाण्यात हे पीठ लावायचे. भाजीवाचून जेवण होते. कोरडवाहू मुलखातल्या बाईने काढलेली ही तोड आहे.

आता गंमत ऐका. मी वही उघडून विचारले, “ज्वारी किती घ्यायची?” मावशींनी डब्यात हात घातला, म्हणाल्या, “एवढी.” गहू? “एवढे.” धने? “हे बघा, असे.” किती भाजायचे? “वास येस्तोवर.” माझी वही कोरीच! शेवटी एक युक्ती केली. मावशींची मूठ तव्यावर पडण्याआधी मी खाली वाटी धरायची. त्यांची नात नववीत आहे, ती अभ्यास टाकून येऊन बसली आणि वाटी मोजून लिहू लागली. मध्येच मावशी चिडल्या, “वाटीनं माझा हात आडतोय!” पण थांबल्या नाहीत.

त्या वहीतले प्रमाण असे आले : ज्वारी, गहू आणि हरभऱ्याची डाळ प्रत्येकी एक वाटी, तांदूळ अर्धी वाटी, उडदाची डाळ पाव वाटी, धने अर्धी वाटी, जिरे दोन चमचे, सुक्या मिरच्या दहा-बारा, लवंगा सहा, मिरे दहा, बोटाएवढी दालचिनी, दोन तमालपत्रे, चिमूटभर दगडफूल, सुंठेचा तुकडा, हळद आणि हिंग दळताना. प्रत्येक जिन्नस वेगळा भाजायचा, कारण ज्वारी फुटायला वेळ लागतो आणि जिरे तेवढ्यात जळून जातात. खोबरे यात घालायचे नाही. मी विचारले का, तर म्हणाल्या, “खवट होतंय. खोबरं आमटी करताना घाला. येसर टिकायला पाह्यजे.” आतापर्यंत ही गोष्ट घरात कोणी विचारली नव्हती, म्हणून कोणी सांगितलीही नव्हती. सूनबाई दारातून म्हणाल्या, “आत्याबाई, मी गेल्या साली खोबरं घातलं होतं, म्हणून वास आला का?” मावशी म्हणाल्या, “मंग!”

आमटीला चार माणसांत अर्धी वाटी येसर पुरे. ते आधी गार पाण्यात कालवायचे, नाहीतर गुठळ्या होतात. लसूण-मोहरीची फोडणी, त्यावर चार-पाच वाट्या पाणी, त्याला उकळी आली की कालवलेले येसर ओतून ढवळत राहायचे. मीठ, थोडी चिंच, वाटलेले खोबरे, कोथिंबीर. आमटी गार होताना घट्ट होते, म्हणून चुलीवर असताना पातळच दिसू द्या.

भाकरीत मात्र माझी फजिती झाली. मी कोकणातली, तांदळाच्या उकडीची भाकरी करणारी. ज्वारीची भाकरी मी थापली आणि उचलायला गेले तर अर्धी काठवटीत आणि अर्धी हातात. नात तोंडाला ओढणी लावून हसली. मावशींनी पीठ चिमटीत धरून पाहिले आणि म्हणाल्या, “पिठाची विरी गेलीय. दळून पंधरा दिस झाले.” मग त्यांनी पिठात मधोमध आळे केले, आधणाचे पाणी ओतले, उलथन्याने ढवळले आणि थोडे निवल्यावर तळहाताच्या टाचेने रगडून रगडून मळले. गव्हासारखा चिकटपणा ज्वारीत नसतो. गरम पाण्याने पीठ थोडेसे शिजते आणि धरून राहते. आमच्या उकडीचे इंगितही हेच की! दोन मुलखांतल्या बायकांनी एकच गोष्ट वेगवेगळ्या वाटेने ओळखलेली.

मळता मळता मावशी म्हणाल्या, “बहात्तरच्या दुष्काळात मी नवी नवरी. रेशनला लाल मिलो मिळायची. तिला ना चव, ना चिकटा. थापली की फुटायची. मी रडायची. तव्हा सासूनं हे आधणाचं शिकवलं.” १९७२ चा दुष्काळ ज्यांनी पाहिला त्यांना मिलो आणि सुकडी सांगायला नकोच. पण भाकरी मोडली म्हणून रडणारी सोळा-सतरा वर्षांची मुलगी माझ्या डोळ्यांपुढे उभी राहिली, आणि माझ्या मोडक्या भाकरीची लाज जरा कमी झाली. पाचवी भाकरी धड जमली. तव्यावर टाकून वरून पाण्याचा हात फिरवायचा. पाणी सुकत आले, पण पुरते सुकले नाही, तोच उलटायची. पाणी पुरते सुकले की चिरा पडतात. मग तवा उतरवून निखाऱ्यापुढे उभी धरायची. टम्म फुगली!

जेवणे झाली आणि मी पाकीट काढले. तिथे खरी अडचण आली. मावशी उठूनच उभ्या राहिल्या. “पाव्हण्याकून पैशे घेत असतेत व्हय? लेकीची मैत्रीण तुम्ही!”

मी म्हटले, “मावशी, जेवणाचे मी एक पैसाही देत नाही, जेवले ती पाहुणी म्हणून. सकाळभर तुमचा हात धरून शिकले, त्याचे हे पैसे. पोराला टायपिंग शिकवणाऱ्याला तुम्ही फी दिलीतच ना?” त्या गप्प राहिल्या. पण किती द्यायचे, हा प्रश्न होताच. अर्ध्या दिवसाची मजुरी धरायची तर कोणाची? खुरपणीची की गवंड्याची? मी म्हणते गवंड्याची. पन्नास वर्षे हाताने शिकलेले काम बिगाऱ्याच्या दराने कसे मोजायचे? त्यात सामान, सरपण, गिरणीची दळणावळ वेगळी.

पैसे फडताळावर ठेवले. तेवढ्यात मावशींचे चिरंजीव शेतातून आले, हकीकत ऐकून खूश झाले आणि सहज हात पुढे करून म्हणाले, “बरं झालं, खताच्या दुकानदाराचे राहिलेत, देऊन टाकतो.” मनाने वाईट नाही हो माणूस. घरात आलेला पैसा शेतात जातो, ही त्यांची आजवरची रीत. कोणी काही बोलले नाही. मग नातच म्हणाली, “बाबा, ते आज्जीच्या क्लासचे आहेत.” मावशींनी नोटा उचलल्या, घडी केली आणि कनवटीला खोचल्या. चिरंजीव हसले आणि हात धुवायला गेले.

हे सांगण्याचे कारण, येत्या काळात तुमच्याही दारी कोणी येईल. धंदा म्हणून करायचे असेल तर पर्यटन संचालनालयाकडे नोंदणीची सोय आहे, त्याची चौकशी करा. पैशाचे आधीच बोला, जेवणानंतर संकोच होतो. दोनच पदार्थ शिकवा, पण पाहुण्याला स्वतःच्या हाताने करू द्या. भाकरी मोडली तर मोडू द्या. पिण्याचे पाणी उकळून गार केलेले ठेवा, तिखट निम्मे करा आणि ठेचा बाजूला वाढा. शिकायला पुरुष आला तर हसू नका, त्यालाही काठवटीपुढे बसवा. आणि वाटी-चमच्याने मोजून ठेवा. कमलाबाई ओगल्यांचे ‘रुचिरा’ १९७० साली निघाले आणि घरोघर गेले, त्यात वाटी-चमच्याच्या मापाचा वाटा मोठा आहे. पाहुणा नाही आला तरी माप घरात राहील.

नातीचा परवा निरोप आला. तिने आजीच्या मुठीचे माप धरून मेतकूट आणि खारोड्याही लिहून घेतल्या आहेत. वहीवर नाव घातले आहे ‘आज्जीची मूठ’. मावशींना वाचता येत नाही, पण वही कुठे ठेवली आहे ते त्या रोज विचारतात म्हणे.

तुमच्या घरी येसरात काय घालतात, ते प्रमाण मोजून कळवा. ज्वारीऐवजी बाजरी घालणाऱ्या भगिनींनी तर मुद्दाम लिहावे, कारण मावशींच्या मते बाजरीचे येसर कडवटते आणि माझ्या मैत्रिणीच्या सासूबाईंना ते मुळीच मान्य नाही.