हिंदुरावाचा आदबशीर अंमल

दिवाळी सरली की आमच्या बीड जिल्ह्यातून ऊसतोड मजुरांची बिऱ्हाडे मुकादमाच्या उचलीपोटी, म्हणजे आगाऊ घेतलेल्या पैशांपोटी, कोयते घेऊन पश्चिम महाराष्ट्राच्या साखर कारखान्यांकडे निघतात, आणि मला दरवर्षी निळू फुले यांनी 'सामना' या चित्रपटात उभा केलेला सहकारसम्राट हिंदुराव धोंडे पाटील नव्याने आठवतो. चित्रपटाला अर्धे शतक उलटून गेले, तरी त्या पात्राचा अंमल या मुलखातून उठलेला नाही, असे माझे स्पष्ट मत आहे.

राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात घडलेला आणि पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम केलेला हा नट 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यातून नावारूपाला आला व 1968 साली अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी'ने रुपेरी पडद्यावर अवतरला. पुढे निर्मात्यांनी त्याच्या मुद्रेवर जणू कायमचा शिक्का मारला: लंपट पाटील, कपटी सरपंच, पुन्हा पाटील, पुन्हा सरपंच! प्रेक्षकांनी, विशेषतः खेड्यापाड्यांतील स्त्रियांनी, त्या खलपुरुषाचा मनःपूर्वक द्वेष केला. नटाच्या सामर्थ्याची ती पावती खरीच. परंतु एवढ्या सूक्ष्म प्रतिभेला एकाच साच्यात राबवून आपल्या चित्रपटसृष्टीने स्वतःचेच नुकसान करून घेतले, हे मला आजही सलते.

कारण 'सामना'तला हिंदुराव त्या साच्यातला नव्हे. आमच्या शेजारच्या जामखेडचे रामदास फुटाणे यांनी निर्मिलेला, विजय तेंडुलकरांनी लिहिलेला आणि जब्बार पटेलांनी दिग्दर्शित केलेला हा चित्रपट 1975 साली बर्लिनच्या महोत्सवात स्पर्धेसाठी निवडला गेला. त्यात दारूच्या आहारी गेलेल्या, एकेकाळच्या स्वातंत्र्यसैनिक मास्तराला (ती भूमिका डॉ. श्रीराम लागूंची) हा सहकारसम्राट आश्रय देतो, त्याची बडदास्त ठेवतो, आणि निळूभाऊ ते सारे इतक्या सौजन्याने, इतक्या हळुवार स्वरात करतात की सत्तेचे खरे मूळ धाकात नसून उपकारात आहे, हे पाहणाऱ्याला उमगू लागते. ज्याची उचल घेतली त्याच्यापुढे तोंड उघडायला जीभ रेटत नाही, हे बीडच्या मजुराला सांगायला कोणा समीक्षकाची आवश्यकता नाही.

'सिंहासन'मध्ये (1979) तर याच नटाने दिगू टिपणीस हा पत्रकार साकारला. मंत्र्यांच्या कारस्थानांचा मूक साक्षीदार असलेली ही भूमिका संवादांपेक्षा दृष्टीवर अधिक तोललेली आहे, आणि माझ्या लेखी ती त्यांची सर्वश्रेष्ठ होय.

13 जुलै 2009 रोजी निळूभाऊ गेले. त्यांची आठवण म्हणून आमच्या जिल्ह्यातील महाविद्यालयांच्या चालकांना माझी आग्रहाची विनंती आहे, की यंदा गळीत हंगामापूर्वी, मजूर गावात असतानाच, 'सामना'चा एक खेळ लावावा आणि त्याला मजुरांच्या मुलांबरोबर त्यांच्या आईबापांनाही बोलवावे.