माया नावाचा व्हेरिएबल

मी साताऱ्याचा. सज्जनगडाच्या वाऱ्या केलेला, घरात दासबोध. त्यामुळे 'माया' हा शब्द आपल्याला कळतो असा मला जरा माजच होता. कॉलेजात असताना एकदा सांगलीच्या मित्राकडे गेलो. घर जैन. त्याची आजी तांदूळ निवडत बसली होती. बोलता बोलता म्हणाली, "माया सोडाय पाहिजे बाबा, लई वाईट." मी लगेच मान डोलावली, "हो ना आजी, जग सगळं मिथ्याच."

आजी हसायलाच लागली. "जग मिथ्या कसं असंल? मग हे तांदूळ कशाला निवडू? माया म्हंजे कपट. चल, दिवस मावळायच्या आत जेवून घे."

क्रोध, मान, माया, लोभ हे जैनांचे चार कषाय. तिथली माया वेगळी, वेदान्तातली वेगळी. आणि आजीने आग्रह करकरून वाढलं, ती मराठीतली तिसरीच माया!

आपल्या प्रोग्रामर मंडळींना जास्त सांगायला नकोच. नाव एक, नेमस्पेस वेगळे. कंपायलर एरर देत नाही, प्रोग्राम झकास चालतो, उत्तर तेवढं चुकतं.

म्हणूनच 'सगळे धर्म शेवटी एकच सांगतात' हे वाक्य मला हल्ली सहन होत नाही. दिसायला उदार, पण आहे शुद्ध आळस. एकच सांगतात म्हटलं की कुणाचंच ऐकून घ्यावं लागत नाही.

मिरजेचा उरूस घ्या. आपल्या लेखी उरूस म्हणजे जत्रा, पाळणे, खाऊची दुकानं. शब्द मूळचा अरबी आणि अर्थ चक्क लग्न! सूफींच्या दृष्टीने संताचा मृत्यू म्हणजे ईश्वराशी मीलन, त्याचा हा सोहळा. मीरासाहेब दर्ग्याच्या आवारात अब्दुल करीम खाँसाहेबांची (निधन 1937) कबर आहे, त्यांच्या स्मरणार्थ उरसात गवई हजेरी लावतात. याला 'पुण्यतिथी' म्हटलं की विषय संपला असं होत नाही.

इथवर शब्दांच्या गमतीजमती म्हणून खपून जाईल. पण ऑगस्ट 2015 मध्ये राजस्थान उच्च न्यायालयाने संथारा, म्हणजेच सल्लेखना, आत्महत्येच्या पंक्तीला बसवली. त्याच महिन्यात सर्वोच्च न्यायालयाने स्थगिती दिली. त्या दिवसांत पुण्यात ऑफिसच्या कँटीनमध्ये कुणीतरी म्हणालं, "उपाशी राहून मरायचं, सुसाइडच की राव!" सगळे हसले. मीही हसलो. शेजारी सांगलीचा तोच मित्र बसला होता. त्याने डबा बंद केला आणि उठून गेला. आजीने आदल्याच वर्षी सल्लेखना घेतली होती, आणि हे मला माहीत होतं.

आता माझा सवाल. फेब्रुवारी 1966 मध्ये सावरकरांनी अन्न सोडलं, त्याला आपण आत्मार्पण म्हणतो. नोव्हेंबर 1982 मध्ये पवनारला विनोबांनी अन्न-औषध सोडलं, ते प्रायोपवेशन. आपल्या माणसांसाठी एकेक भारदस्त शब्द, आणि सांगलीच्या म्हातारीसाठी पंचनाम्यातला?

तेही 'एकच' आहे असं म्हणून मी पुन्हा तीच चूक करणार नाही. सल्लेखना म्हणजे कृश करणं, शरीराबरोबर कषायांनाही. लवकर मरण यावं अशी इच्छा होणं हा त्या व्रतातला दोष मानला आहे. आत्महत्येत तर मरणाची इच्छाच मुख्य!

याचा अर्थ प्रश्न विचारू नयेत असा नाही. म्हाताऱ्या माणसावर घरच्यांचा, समाजाचा दबाव आहे का, हे विचारलंच पाहिजे. मला स्वतःला त्या व्रताची आजही भीती वाटते. पण विरोध करायचा तर ते ज्याला सल्लेखना म्हणतात त्याला करा, आपण परस्पर केलेल्या भाषांतराला नको.

त्यासाठी फार विद्वत्ता लागत नाही. "तुमच्यात याला काय म्हणतात, आणि म्हणजे काय?" एवढं विचारायचं आणि गप्प बसून ऐकायचं. मित्राला मी हे त्या कँटीनमध्ये विचारायला हवं होतं. विचारलं तीन महिन्यांनी, सांगलीला त्याच्या घरी जाऊन. दिवस मावळायच्या आत जेवलो आणि मग तो बराच वेळ आजीबद्दल बोलत होता.