बायोस: माळ्यावरचा दस्तऐवज
मीरा रोड-भाईंदरच्या एखाद्या घरी माळ्यावर पहिले प्लेस्टेशन पडून असेल, तर ते भंगारवाल्याला देण्याआधी थांबावे. १९९४ साली जपानमध्ये आलेल्या या यंत्राला जागे करणारी मूळ प्रणाली, म्हणजे बायोस, अवघी ५१२ किलोबाइटची. संगणकावर या यंत्राचे सोंग घेणारे बहुतेक एम्युलेटर हीच फाइल मागतात. कनेक्टिक्सने मात्र स्वतःचे बायोस लिहिले आणि २००० साली अमेरिकी अपील न्यायालयात सोनीविरुद्ध बाजी मारली.

भारतीय कायदा संगणकप्रणालीला साहित्यकृती मानतो (गंमतच!), साहित्यकृतीचे स्वामित्व सामान्यतः कर्त्याच्या मृत्यूनंतरही ६० वर्षे. तोवर ती चिप टिकेल? कलम ५२ कायदेशीर धारकाला सुरक्षेपुरती प्रत काढू देते. माझ्या मते निनावी फाइलीपेक्षा स्वतःच्या यंत्रातून काढलेली प्रतच दस्तऐवज ठरते. यंत्राच्या तळाचा एससीपीएच क्रमांक सोबत नोंदवावा. जपान, अमेरिका, युरोपसाठीच्या आवृत्त्या निराळ्या होत्या.