चार मजले, ऐंशी खोल्या

रेवदंड्याच्या किल्ल्यात पोर्तुगीज काळातील एक मनोरा उभा आहे. गाव त्याला सातखणी म्हणते. सातांपैकी चार मजले उरले आहेत. तो पाहावयास मुंबईकर आवर्जून येतात. परंतु याच किनाऱ्यावरून पोट भरण्यासाठी मुंबईस गेलेल्या कष्टकऱ्यांनी ज्या चाळींत पिढ्या काढल्या, त्या आज पाडल्या जात असताना त्यांनाही इतिहास आहे, हे फारसे कोणाच्या मनात येत नाही.

वरळी, नायगाव, डिलाईल रोड आणि शिवडी येथील बीडीडी चाळी १९२० नंतर उभ्या राहिल्या. गव्हर्नर जॉर्ज लॉईड यांच्या कारकिर्दीत स्थापन झालेल्या विकास खात्याचा संकल्प पन्नास हजार खोल्यांचा होता. प्रत्यक्षात २०७ इमारती, म्हणजे सुमारे साडेसोळा हजार खोल्या झाल्या. खर्चासाठी कापसाच्या गाठींवर कर बसविला गेला. दयाबुद्धीपेक्षा गिरण्यांना मजूर हाताशी हवा होता, हेच त्यामागील खरे कारण.

रचनाही त्याच हिशेबाची. तळमजला व वर तीन मजले. मधोमध लांब, अंधारा बोळ. दोन्ही बाजूंस दहा-दहा खोल्या. नळ आणि संडास सामाईक. खोली १६० चौरस फुटांची. त्या काळी नवलाईचे असलेले सिमेंट काँक्रीट येथे सर्रास वापरले गेले, तरी भाडे कामगारास परवडेना आणि अनेक खोल्या वर्षानुवर्षे रिकाम्या राहिल्या. १९३० च्या सत्याग्रहात सरकारने वरळीच्या चाळींचा तुरुंग केला. त्यासाठी फारशी मोडतोड करावी लागली नसेल!

त्या बोळाचे घर केले ते माणसांनी. गावाहून आलेल्या पोराला तेथे पथारीपुरती जागा मिळे, संपाच्या दिवसांत शेजारच्या चुलीवरचे अन्न मिळे. १९८२ चा गिरणी संप कामगारांनी इतके दिवस रेटला, त्यात या शेजाराचा वाटा मोठा होता.

आता वरळीत चाळींच्या जागी चाळीस मजली मनोरे उठत आहेत. ऑगस्ट २०२५ मध्ये पहिल्या ५५६ कुटुंबांना पाचशे चौरस फुटांची घरे विनामूल्य मिळाली. हे स्वागतार्हच आहे; शंभर वर्षे सामाईक संडासापुढे रांग लावलेल्यांना चाळीची महती बाहेरच्यांनी सांगू नये. प्रश्न पुढचा आहे. उद्वाहक, पाण्याचे पंप, अग्निशमन यांचा खर्च महिन्यागणिक येणार. आरंभीची काही वर्षे म्हाडा तो भार उचलील; नंतर निवृत्तिवेतनावर जगणाऱ्या म्हातारीने काय करावे? घर विकून विरार-बदलापूर गाठावे? विक्रीसाठीच्या सदनिकांतून जो नफा होईल, त्यातून देखभालीचा कायमस्वरूपी निधी बाजूस काढण्याचे लेखी बंधन सरकारने स्वीकारले पाहिजे. नायगाव आणि डिलाईल रोडच्या रहिवाशांनी ही मागणी चाव्या हाती पडण्यापूर्वीच लावून धरावी.