३८ सभासदांचा अध्यक्ष



संस्था काढणे सोपे आणि चालवणे अवघड, हे तुम्हाला मी सांगायला नको. तालीम असो, भजनी मंडळ असो की दूध सोसायटी. पहिल्या वर्षी उत्साहाला भरते येते, दुसऱ्या वर्षी वर्गणी थकते आणि तिसऱ्या वर्षी दाराला कुलूप लागते. आज अशाच एका संस्थेची आणि तिला बुडता बुडता वाचवणाऱ्या गृहस्थांची हकिकत सांगतो. संस्था स्पेन देशातली, फुटबॉलची. नाव बार्सिलोना. घरातला एखादा पोरगा त्या क्लबाचा निळ्या-लाल पट्ट्यांचा सदरा घालून हिंडत असेल, तर त्यालाही जवळ बसवा.

हे गृहस्थ मूळचे स्पेनचे नव्हतेच. हान्स गाम्पर त्यांचे नाव. जन्म २२ नोव्हेंबर १८७७ चा, स्वित्झर्लंडमधल्या विंटरथूर गावचा. लहान असतानाच आई क्षयाने गेली. पुढे झुरिक शहरात वाढले. पळण्यात पटाईत, सायकलीत तरबेज, फुटबॉलचे तर वेडच. १८९६ साली झुरिकचा फुटबॉल क्लब काढण्यात त्यांचा हात होता.

१८९८ साली ते बार्सिलोनाला आले. साखरेच्या व्यापारासाठी आफ्रिकेत जायचे मनात होते. वाटेत काकांना भेटून पुढे निघायचे, एवढाच बेत. पण शहराने पाय धरले. तिथेच हिशेबनिसाची नोकरी धरली, तिथली कातालान भाषा शिकले आणि हान्सचे ‘जोआन’ झाले. परक्या गावात राहायचे तर त्या गावचे होऊन राहावे, हे त्यांना उमगले होते.

खेळायला गडी हवेत म्हणून त्यांनी २२ ऑक्टोबर १८९९ रोजी एका क्रीडाविषयक पत्रात छोटीशी जाहिरात दिली. २९ नोव्हेंबरला एका व्यायामशाळेत बैठक भरली. माणसे जमली किती? अवघी १२! कोणी स्विस, कोणी इंग्रज, कोणी तिथलेच. त्या बैठकीत क्लबाचा जन्म झाला. पण पहिला अध्यक्ष गाम्पर नव्हेत. तो मान वयाने वडील असलेल्या वॉल्टर वाइल्ड यांना दिला. गाम्परनी मैदानातले पुढारपण घेतले आणि १९०३ पर्यंत खेळून शंभरावर गोल केले. खुर्चीपेक्षा काम प्यारे, अशी माणसे तुमच्या-आमच्या गावातही असतात. फोटोत मात्र ती मागच्या रांगेत दिसतात.

पुढे व्हायचे तेच झाले. जुने खेळाडू पांगले, पैसा आटला. १९०८ साली सभासद उरले फक्त ३८. क्लब बंद करावा, असे बोलणे सुरू झाले. तेव्हा २ डिसेंबर १९०८ रोजी गाम्पर उभे राहिले आणि अध्यक्षपद अंगावर घेतले. मोडक्या गाड्याचे जू कोण खांद्यावर घेतो? त्यांनी घेतले. व्यापाऱ्यांकडे जाऊन मदत मागितली, सभासद जोडले. १९०९ साली क्लबाला सहा हजार माणसे मावतील असे स्वतःचे मैदान मिळाले. १९२२ साली लेस कोर्त्स नावाचे मोठे मैदान उभे राहिले. तोवर ३८ चे सभासद दहा हजारांच्या वर गेले होते. १९०८ ते १९२५ या काळात ते पाच वेळा अध्यक्ष झाले. या क्लबाला आजही कोणी धनी नाही. सभासद हेच मालक आणि अध्यक्ष त्यांच्या मतांवर निवडला जातो. आपल्या सहकारी सोसायटीसारखेच म्हणा ना.

मग दिवस फिरले. स्पेनमध्ये तेव्हा प्रिमो दे रिव्हेरा या सेनापतीची हुकूमशाही होती आणि कातालान लोकांवर तिचा राग होता. १४ जून १९२५ रोजी सामन्याच्या वेळी बँडने स्पेनचे राष्ट्रगीत वाजवले, तेव्हा लोकांनी शिट्ट्या मारून ते हाणून पाडले. सरकारने मैदानाला टाळे ठोकले. गाम्परना अध्यक्षपद सोडावे लागले, देशही सोडावा लागला. पुढे परत येऊ दिले, पण क्लबाच्या कारभारापासून दूर राहायचे, या बोलीवर. स्वतःच्या हाताने लावलेल्या झाडाच्या सावलीला बसायची मनाई!

मन खचले. त्यातच १९२९ साली जगभर मंदी आली आणि पैसाही बुडाला. ३० जुलै १९३० रोजी, वयाच्या ५२ व्या वर्षी, बायको आणि दोन मुले मागे ठेवून गाम्परनी आपले जीवन संपवले. अंत्ययात्रेला माणसांची रीघ लागली.

वाचकहो, इथेच मी थबकतो. ही माणसे आदल्या दिवशी कुठे होती? होती, तिथेच होती. ज्याने दहा हजार माणसे जोडली, त्याचा स्वतःचा भार उचलायला त्यांतले दहा जण नक्की धावले असते. दुसऱ्यासाठी दारोदार फिरणारा माणूस स्वतःसाठी एकही दार ठोठावत नाही, हे मोठे कोडे आहे.

आपल्याकडे म्हणतात, झाकली मूठ सव्वा लाखाची. व्यवहारात ते ठीक असेल. पण कर्जाचा आकडा आणि मनाचा काळोख यांवर मूठ झाकू नये. घरातला कर्ता माणूस जेवताना गप्प राहू लागला, रात्री जागा राहू लागला, तर घरच्यांनी जवळ बसून सरळ विचारावे. कर्त्यानेही सांगावे, त्यात कमीपणा नाही. मनाचे दुखणे हेही दुखणेच, त्यालाही औषध असते. सरकारचा टेली-मानस फोन, १४४१६, त्यासाठीच रात्रंदिवस चालू असतो. त्याला पैसे पडत नाहीत.

१९६६ पासून गाम्परच्या नावाने बार्सिलोनात चषकाचा सामना भरतो. नाव राहिले, चांगलेच झाले. पण नावापेक्षा माणूस राहिला असता, तर घरच्यांना अधिक गोड वाटले असते. आज संध्याकाळी जेवणे झाली की घरात एकमेकांना एवढे विचारा : ‘सगळे ठीक आहे ना?’ आणि उत्तर येईपर्यंत उठू नका.